कोंबडीच्या शेवया

“शेवयांत कोंबडी घालती म्हनं! घावली तर खोली खाली करायला लावीन,” आमच्या माळकरी घरमालकीणबाई अंगणात कुणाला तरी सांगत होत्या.

आत, ब्रह्मदेशातून आलेल्या शेजारीणबाई तेच रांधत होत्या. पिंपरीच्या कारखान्याचा भोंगा होऊन गल्ली भरायच्या आत उरकायची त्यांची नेहमीची घाई. मिरची परतताना, दाण्याचं कूट कालवताना त्या सारख्या कुजबुजायच्या, “वास बाहेर जात नाही ना गं?” तरी पहिली वाटी मलाच द्यायच्या. आजही दिली होती.

दार वाजलं. त्यांनी माझ्या हातातली वाटी काढून घेतली. “तू काही खाल्लं नाहीस हं. तुमचीही खोली त्यांचीच आहे.”

मालकीणबाई दारात उभ्या. “कोन खात हुतं?”

“मी,” म्हणत शेजारीणबाई पुढे झाल्या.

माझे ओठ तिखटानं जळत होते.

“मीसुद्धा खात होते, काकू,” मी म्हणाले.