काढून ठेवलेली बॅटरी

सन दोन हजार चार, मे महिना. पुण्यात अंगाची लाही होत होती. त्या उन्हाळ्यात मी कपाटातून व्हिडिओ गेमच्या मशीनमधला एक जुना बोर्ड बाहेर काढला आणि त्याच्यामागून किस्से निघाले. किस्से असेच साठतात. एक ठेवलेला असतो, काढायला जावं तर चार हाताला लागतात. यातला एकही मला शोभा देणारा नाही. तरी सांगतो.

* * *

स्वारगेटजवळ माझं आणि दिगंबरचं व्हिडिओ गेम पार्लर होतं. बाजारात नुकता परदेशी माल यायला लागला होता, ती वर्षं. चार मशीन, एक पंखा. मी सातवी शिकलेला, पण नियम माझे. टोकन टाकल्याशिवाय खेळायच्या दांडीला कुणी हात लावायचा नाही.

एकदा दिगंबरचे सासरे आले. जावयाचा धंदा बघू म्हणून मशीनसमोर उभे राहिले.

मी म्हणालो, "टोकन टाका."

"अहो, मी मालकाचा सासरा."

"मशीनला सोयरीक कळत नाही."

ते तडक बसस्टँडवर गेले. दिगंबरने बरेच दिवस मला चहा विचारला नाही.

* * *

शेजारची मृणाल तेव्हा शाळेत होती. एकदा दारात येऊन उभी राहिली.

"मुलींनी इथं यायचं नाही," मी म्हणालो.

"असं कुठं लिहिलंय?"

दुसऱ्या दिवशी लिहिलं. पाटी पार्लर बंद होईपर्यंत दारावर होती.

पुढे ती कंपनीत कॉम्प्युटरवर लागली. घरी कॉम्प्युटर घेतल्यावर मला बघायला बोलावलं. पडद्यावर आमच्याच पार्लरमधले गेम! तेच आवाज, तेच रंग.

"हे इथं कसे?"

"काका, तुम्ही आत येऊ दिलं नाहीत. म्हणून घरी आणले."

* * *

मी खुर्चीत बसलो. "टोकन कुठं टाकायचं?"

"पाचचा आकडा दाबा."

दाबला. टोकन पडल्याचा आवाज आला.

"म्हणजे फुकट?"

"हो."

"ही चोरी आहे."

"काका, मशीनं भंगारात गेली. गेम कुठेतरी राहायला नकोत का?"

"माझ्या कपाटात आहे एक. खरा. मी स्वतः नीट ठेवलेला." हे मी छाती पुढे काढून म्हणालो.

* * *

नीट ठेवणं म्हणजे काय, ते आमच्या हिला विचारा. टॉर्च असो, रेडिओ असो, वापर झाला की मी सेल काढून डबीत ठेवतो. सेल पाझरतात आणि वस्तू खातात. एकदा रात्री वीज गेली. ही अंधारात टॉर्चचं बटण दाबतेय, दाबतेय, आणि शेवटी ओट्याला धडकली.

"टॉर्च कशी आहे?" मी विचारलं.

"टॉर्च उत्तम आहे," ती म्हणाली. "माझा गुडघा फुटलाय."

* * *

कपाटातला तो बोर्ड दिगंबरचा. मारामारीचा गेम, आमच्याकडे आलेला शेवटचा. पार्लर बंद करून तो वारज्याला मुलाकडे राहायला गेला, तेव्हा म्हणाला, "तुझ्याकडे ठेव. तुझ्यासारखं कुणी सांभाळणार नाही."

मी बोर्ड पुसला, मलमलीत गुंडाळला आणि त्याची बॅटरी काढून ठेवली.

त्या मे महिन्यात दिगंबरच्या डाव्या अंगावरून वारं गेलं. त्याचा फोन आला. जीभ जड झाली होती, पण तिरकेपणा तोच. "डॉक्टर चेंडू दाबायला देतात. मी काय पाळण्यात आहे? माझा बोर्ड आण. दांडी फिरवली तर हात हलेल."

मी बोर्ड मृणालकडे नेला. तिने तो टीव्हीला जोडला. पडदा नुसता निळा.

"काका, यातली बॅटरी?"

"काढली. केव्हाच."

तिने टीव्ही बंद केला. मग म्हणाली, "या बोर्डात गेमला कुलूप असतं. त्याची किल्ली बॅटरीवर जिवंत राहते. बॅटरी काढली की किल्ली पुसली जाते. तुम्ही तसाच फेकून दिला असता, तरी कदाचित चालला असता."

घरी येऊन मी जेवलो नाही. हिने कारण विचारलं, तेही सांगितलं नाही.

* * *

तोडगा त्या चोरीच्या कॉम्प्युटरमध्येच निघाला. हा गेम इंटरनेटवरच्या लोकांनी आधीच कॉम्प्युटरवर उतरवून, कुलूप काढून ठेवला होता. तो नव्या चिपांवर भरायचा आणि चिपा बोर्डावर बसवायच्या. मृणालने सामानाची चिठ्ठी दिली आणि मी भर उन्हात बुधवार पेठेत इलेक्ट्रॉनिक्सची दुकानं पालथी घातली.

बोर्ड सुरू झाला तेव्हा मी विचारलं, "आता हा खरा की खोटा?"

"तुम्हीच ठरवा," ती म्हणाली. "पाटी लावा हवं तर."

* * *

बोर्ड, दांडीची पेटी आणि टोकनचा गल्ला घेऊन आम्ही वारज्याला गेलो. मृणालने सगळं टीव्हीला जोडलं. गेमचं संगीत वाजलं. दिगंबरने वाकून बोर्ड पाहिला. बॅटरीची जागा रिकामी होती.

"बघ," तो मृणालला म्हणाला, "बॅटरी काढून ठेवली होती त्याने. दुसऱ्या कुणाकडे दिला असता तर पाझरून मेला असता."

मृणाल माझ्याकडे बघत नव्हती.

"तो मेलाच होता," मी म्हणालो. "बॅटरी काढल्यामुळेच मेला. मी मारला. मृणालने जिवंत केला."

दिगंबरने उजव्या हाताने डावा हात उचलला आणि दांडीवर ठेवला. बोटं हळूहळू वळली.

"टोकन टाक," तो म्हणाला.

मी खिशातून काढलं आणि गल्ल्यात टाकलं.