नावाखालची ओळ

२०२४ साल होतं आन् मी बहात्तर वर्षांचा. वैशाखातली सकाळ. मुकुंदवाडीत आमच्या गल्लीला आठवड्याला एकदा नळ, म्हणून टँकर आला की हातातलं टाकून पळायचं. मी ड्रमात पाइप धरून उभा होतो आन् खिशातला फोन वाजला. बघितलं तर अनंतराव कुलकर्णी. दोन महिन्यांनी नाव दिसलं. मी काय केलं असंल? हसलो. मनात म्हणलं, हरले शेवटी, पहिल्यांदा तेच बोलले. फोन मुद्दाम वाजू दिला, पार बंद पडंस्तोर. परत वाजला तवा कानाला लावला आन् ऐटीत म्हणलं, "बोला मालक, आली का आठवण?" तिकडून मालक नव्हते. कुलकर्णी वहिनी होत्या. म्हणाल्या, "भाऊ, हे गेले हो... आज पहाटे." माझा ड्रम भरून पाणी रस्त्यावर वाहत होतं. शेजारीण ओरडली तवा ध्यानात आलं.

हे मी स्वतः लिहितोय. शाळा तिसरीपर्यंत. नातीनं फक्त ऱ्हस्व-दीर्घ बघितलंय, बाकी एक शब्द हलवू दिला नाय.

अनंतराव सरकारी कचेरीत कारकून होते. आयुष्य शहरातल्या छावणी भागात काढलं, आन् निवृत्त झाल्यावर आमच्या बाजूला नव्या इमारतीत तिसऱ्या मजल्यावर राहायला आले. त्या इमारतीचा मी वॉचमन. आधी तिथं ज्वारीचं रान होतं, ते मी पाहिलेलं. पाया खोदला, मजले चढले, लोक आले, सगळं माझ्यासमोर. फक्त पाणी आलं नाय. म्हणून आम्ही दोघं फाटकाजवळ खुर्च्या टाकून टँकरची वाट बघायचो. मी त्यांना 'साहेब' कधी म्हणलं नाय. आमच्याकडं मोठ्या माणसाला मालक म्हणतात, तेवढं म्हणायचो. त्यांनीही मला कधी 'ए' केलं नाय. "रखमाजी, बसा" म्हणायचे, आन् आधी माझी खुर्ची सावलीत सरकवायचे.

आम्ही मूळचे पैठणकडचे धनगर. बापाच्या दीडशे मेंढ्या होत्या. रात्री शेतकऱ्याच्या रानात मेंढ्या बसवायच्या, खत त्याचं, धान्य आमचं, दोन-चार दिवसांनी वाडा, म्हणजे मेंढरांसकट सगळा तळ, पुढं हलवायचा. निघताना एक रीत होती. मागच्या गावातल्या माणसाला सांगून ठेवायचं की पुढचा मुक्काम कुठं. घरून कोणी निरोप घेऊन आलं तर त्याला सापडलं पाहिजे. आन् मुक्काम कधी खोटा सांगायचा नाय. बाकी मेंढक्या लई खोटं बोलतो, पण त्यात नाय. बहात्तरच्या दुष्काळात सगळं संपलं आन् मी शहरात आलो, ते इथलाच झालो.

एके दिवशी मालक फोनमध्ये डोकं घालून बसलेले. मी वाकून बघितलं तर हिरवंगार शेत, विहीर, कुंपणात मेंढ्या. शेतीचा खेळ होता. पुण्याच्या मुलीनं घालून दिलेला, बापाचा वेळ जावा म्हणून. मी म्हणलं, "मालक, मेंढ्या विहिरीपाशी कशाला कोंडल्या? तिकडं पडीक रानात बसवा, खत होईल."

"या खेळात खत दुकानात मिळतं, रखमाजी."

"मग मेंढ्या कशाला पाळल्या?"

"शोभेला," म्हणाले, आन् दोघंही हसलो.

आठ दिवसांत त्यांनी माझ्या फोनमध्ये तो खेळ घातला आन् दोघांचं मिळून एकच शेत केलं. पेरणी त्यांच्याकडं, मेंढ्या माझ्याकडं. ज्या माणसानं जन्मात विळा धरला नाय तो मला हरभऱ्याचं सांगायचा. इकडं खरे टँकर येईनात आन् तिकडं आमची विहीर काठोकाठ. मी एकदा म्हणलं, असली विहीर बापाला मिळाली असती तर मी तुमच्या फाटकावर नसतो. त्यांनी हरभऱ्याला पाणी सोडलं. मग म्हणाले, "मग मी कोणाबरोबर खेळलो असतो?"

आता त्या ओळीचं सांगतो. मुलीशी बोलायला त्यांच्या फोनात गप्पांचं एक ॲप होतं. मुलगी तिकडं काँप्युटरवर काही खेळत असली की तिच्या नावाखाली आपोआप एक ओळ उमटायची, अमुक खेळ खेळतेय. मालकांना ते लई आवडायचं. म्हणायचे, फोन करून त्रास द्यायला नको, ओळ दिसली म्हणजे पोरगी घरी आहे, जेवलेली आहे, बरी आहे. मग त्यांनी मलाही त्या ॲपवर घेतलं. पण आमचा खेळ साध्या फोनातला, त्याची ओळ काही येईना. मुलीला विचारलं तर ती म्हणाली, "बाबा, तुमचं आपोआप नाही येणार, हातानं लिहा." मालक खूश. म्हणाले, "हजेरी हातानंच लिहायची असते. चाळीस वर्षं तेच केलं." खेळायला बसले की नावाखाली लिहायचे, 'खेळतोय – शेत'. उठले की पुसायचे. चहाला उठले तरी पुसायचे. मीही शिकलो. एकेक अक्षर शोधायला मला वेळ लागायचा. माझी ओळ पुरी होईपर्यंत त्यांचं गहू पेरून झालेलं असायचं.

पुढं इमारतीला कॅमेरे बसले आन् वॉचमनची गरज सरली. मी घरी बसलो. घर लांब नाय, चालत पंधरा मिनिटं. पण ज्या फाटकावर राखण केली तिथं रिकामा जाऊन कसा उभा राहू? गेलो नाय. मालक दोनदा घरी येऊन गेले, "या की" म्हणाले. मी नुसती मान हलवली. तवापासून भेट म्हणजे ती ओळच. सकाळी सातला त्यांची यायची, की मी माझी लिहायची. आमच्या रीतीत तो मुक्काम सांगणंच होतं. इथं हाय, या.

त्या साली होळीला मी चार दिवस तापानं पडलो. उठून शेत उघडलं तर माझा एडका नाय. एडका म्हणजे कळपातला नर. मालकांना फोन केला.

"अहो, विकला. खेळातच लिहून आलं होतं, चारा जास्त खातो, लोकर कमी देतो. विकून कुंपण वाढवलं."

"मला न इचारता?"

"खेळातला मेंढा हो, रखमाजी..."

त्यांना माहीत नव्हतं. मी कधी सांगितलं नव्हतं. बहात्तर साली बापानं मी चाऱ्याला गेलो असताना एडका विकला. निम्मी मेंढरं मेली तरी एडका असला तर वाडा परत उभा राहतो. एडका विकला म्हणजे वाडा मोडला. मी बापाशी वर्षभर बोललो नव्हतो. हे फोनवर कसं सांगणार? मी म्हणलं, "तुम्हाला कागदातलं कळतं, जनावरातलं नाय. आता तुमच्या रानात मी पाय ठेवायचा नाय." आन् फोन ठेवला.

शेत उघडणं बंद केलं. पण ती ओळ मात्र रोज बघायचो. सातला यायची, 'खेळतोय – शेत'. मनात जळायचो. माझ्यावाचून खुशाल चाललंय, म्हणायचो. चैत्र संपता संपता ती ओळ दिवसभर राहायला लागली, पुसलेलीच दिसंना. मला वाटलं, मला दाखवायलाच करतायत. आता तर मुळीच बोलायचं नाय.

मातीला गेलो, मागं उभा राहिलो आन् परत आलो. चौदाव्या दिवशी वहिनींना भेटायला गेलो. तिसऱ्या मजल्यावर पहिल्यांदाच आत जाऊन बसलो. वहिनी म्हणाल्या, "भाऊ, शेवटचे पंधरा दिवस दवाखान्यात होते. छातीत पाणी झालेलं. धाप लागायची, खेळायचं कुठलं... पण रोज सकाळी फोन मागायचे आणि कालची पुसून एका बोटानं तेवढी ओळ परत लिहायचे. मी म्हणायची, तुम्ही खेळत नाही तर कशाला? तर म्हणायचे, रखमाजी बघत असतील. आज ना उद्या शेतात येतील."

"मला कळवलं का नाय?"

"मी म्हटलं होतं. तर म्हणाले, आजारी आहे म्हणून नको बोलवायला. चिडून का होईना, आपल्या पायानं आले पाहिजेत."

मी चहाही न घेता उठलो. तो माणूस मला खोटा मुक्काम सांगत होता, आन् तो मुक्काम माझ्यासाठीच होता...

संध्याकाळी घरी शेत उघडलं. सगळं वाळलेलं. गहू करपून पिवळा पडलेला, महिनाभर कोणी बघितलंच नव्हतं. एवढी भरलेली विहीर, आन् रानाला घोटभर पाणी नाय. नवं कुंपण होतं. त्यात मेंढ्या उभ्या, आन् मधोमध, गळ्यात लाल पट्टा बांधून, एक नवं जनावर आणून ठेवलेलं. पट्टा मालकांनीच विकत घेतला असणार, तो जनावराबरोबर मिळत नाय. मी चष्मा काढला, पुसला, परत लावला. दाढी होती त्याला. शेपूट वर. माणसानं पाच वर्षं माझ्या मेंढ्या बघितल्या, आन् माझ्यासाठी एडका म्हणून बोकड आणून ठेवला होता.

दुसऱ्या दिवशी सकाळी आधी रानाला पाणी दिलं. मग चालत वहिनींकडं गेलो. त्यांना म्हणलं, मालकांचा फोन द्या. ओळ तशीच होती. वहिनी म्हणाल्या, "मला पुसता येत नाही. लोक विचारतात." मी एकेक अक्षर मागं घेतलं. नावाखाली रिकामं झालं. फोन त्यांच्या हातात दिला आन् माझा फोन काढला. लिहायला मला वेळ लागतो. वहिनी समोर बसून होत्या. शेवटी मी धाडलं आन् त्यांच्या हातातला फोन वाजला. त्यांनी डोळ्यांजवळ नेऊन मोठ्यानं वाचलं, "मालक, हा बोकड हाय. असू द्या, मी सांभाळतो."

वहिनींनी फोन पदराला पुसला. "त्यांना नाहीच कळायचं," म्हणाल्या, आन् चहा ठेवायला आत गेल्या. मी बसून राहिलो.