मंगलनं दिलेला निरोप

गोरखचा फोन आला की मंगल हातातलं काम टाकून गोठ्यामागच्या दगडावर जाऊन उभी राहायची. आंबवड्याच्या वरच्या अंगाला त्यांची वाडी, आणि वाडीत मोबाईलला नीट बोलण्यापुरती रेंज तेवढ्याच जागी. नवरा फौजेत, सिग्नलमध्ये लाइनमन. पाठीवर वायरचं रीळ घेऊन एका चौकीपासून दुसऱ्या चौकीपर्यंत टेलिफोनची लाइन ओढायची, बर्फानं तुटली की शोधून जोडायची, हे त्याचं काम. लग्न झाल्यापासूनचा बहुतेक संसार मंगलनं त्या दगडावर उभं राहूनच केला.

तिचं माहेर कामथडीचं. हायवेकडची पोर, भातलावणी तिला ठाऊक नव्हती. रोप कसं धरायचं, चिखलात पाय कसा टाकायचा, हे तिला सासऱ्यानं, ज्ञानूआप्पांनी शिकवलं. आप्पा मोठमोठ्यानं बोलत, पण सुनेला कधी टाकून बोलले नाहीत. सासूबाई फुलाबाईंपेक्षा मंगलचं आप्पांशी जास्त जमायचं.

२०२० च्या फेब्रुवारीत गोरख सुट्टीवर आला आणि बापलेकात वाजलं. आप्पांचं म्हणणं, पेन्शनपुरती नोकरी झाली, आता घरी ये. गोरखला अजून बढतीची आशा होती. चार माणसं बसलेली असताना तो बोलून गेला, "तुमाला फौजेतलं काय कळतंय? तुमी आपली ढेकळं फोडा." सुट्टी संपली तेव्हा गोरख त्यांच्या पाया न पडताच टेम्पोत बसला. आप्पा अंगणात उभे होते. टेम्पो वळणावर दिसेनासा झाला तरी ते तिथंच होते.

मग लॉकडाऊन लागला, एसट्या बंद झाल्या. उन्हाळ्यात लडाखच्या सरहद्दीवर तणाव वाढला आणि गोरखची तुकडी वर गेली. तिथं मोबाईल बंद. खालच्या तळावर एक सॅटेलाइट फोन होता. जवान रांग लावून उभे राहत, ज्याचा नंबर लागेल त्याला दोन-तीन मिनिटं मिळत. त्या फोनवर आवाज अडखळत, उशिरा पोचायचा. आपण बोलायचं, थांबायचं, मग पलीकडचं ऐकू यायचं. गोरख दर वेळी सांगायचा, "मी मागं हाय, स्टोअरात. काळजी करू नगं." मंगलला ते खरं वाटायचं.

जून महिन्यात भातरोपांच्या तरव्याला पाणी धरता धरता आप्पा छातीला हात लावून बांधावर बसले. शेजारच्यांच्या टेम्पोतून भोरला नेलं, पण वाटेतच सगळं संपलं. लॉकडाऊनमुळं मातीला मोजकीच माणसं आली. मुलानं पाजायचं पाणी गोरखच्या चुलत्यानं, आप्पांचे धाकटे भाऊ आनंदराव यांनी पाजलं.

त्याच दिवसांत टीव्हीवर सरहद्दीवरच्या मारामारीच्या, जवान गेल्याच्या बातम्या चालल्या होत्या. आनंदरावांनी घरच्यांना बसवून सांगितलं, "गोरखला एवढ्यात कळवायचं न्हाई. येऊ तर द्यायचे न्हाईत त्याला. अन् तिकडं मन थाऱ्यावर नसलं, बर्फात पाय चुकला, तर? एक गेलंय, दुसरं घालवायचं का?"

फुलाबाईंनी मान डोलावली. मंगल म्हणाली, "मामंजी, त्यांचा बाप हाय."

"म्हनून तर म्हनतोय," आनंदराव म्हणाले.

मंगल उठून चुलीकडं गेली. तेव्हाच बोलायला हवं होतं, असं ती आज म्हणते.

पुढचा फोन आला. घरातली, गुरांची विचारपूस झाली आणि गोरख म्हणाला, "आप्पा कुठं हायत?"

"वावरात गेल्यात," मंगल म्हणाली. बोलायच्या आधी ती क्षणभर थांबली होती. त्याला वाटलं, फोनच तसा आहे.

त्यानंतरच्या फोनला आप्पा दळणाला गेले होते. त्याच्या पुढच्या वेळी झोपले होते. कधी कधी गोरख काही विचारायचा. खालच्या खाचरात यंदा इंद्रायणी भात लावला का, म्हशीचं काय ठरवलं. मंगल सांगायची, "आप्पा म्हनत्यात, म्हस ठेवायची." आप्पा कशाला काय म्हणतील हे तिला पक्कं ठाऊक होतं, त्यामुळं त्यांचे शब्द सहज तोंडात येत. ती असं बोलत असली की फुलाबाई पदर तोंडात धरून आत निघून जायच्या.

ऑगस्टच्या शेवटी एक फोन आला. गोरखचा आवाज वेगळा होता.

"ऐक. आता काय दिवस फोन व्हायचा न्हाई. आप्पांना दे."

"बाहेर गेल्यात."

मग तो म्हणाला, "मग त्यांना सांग, जाताना पाया पडलो न्हाई, ते चुकलं माजं. बोललो तेबी चुकलं. सांगशील ना?"

"व्हय, सांगते."

मागून कुणीतरी हिंदीत ओरडलं आणि फोन बंद झाला. मंगल त्या दगडावरच खाली बसली.

पुढचे दिवस घरात कुणाला जेवण गेलं नाही. गोरख स्टोअरात नव्हता हे फार नंतर समजलं. जवानांनी उंचावरच्या नव्या जागा धरल्या होत्या आणि तिथपर्यंत लाइन ओढायला तो आणि एक हिमाचलचा जोडीदार गेले होते. उघड्या बोटांनी वायर सोलता सोलता त्याच्या उजव्या हाताची दोन बोटं कायमची बधिर झाली. तेही त्यानं घरी सांगितलं नव्हतं.

सप्टेंबर सरता सरता फोन वाजला. नमस्कार नाही, चमत्कार नाही, त्यानं एकदम विचारलं, "सांगितलंस का? काय म्हनले आप्पा?"

मंगल सांगते, त्या वेळी खरं ओठावर आलं होतं. पण त्याच्या आवाजात इतकी आस होती की ती म्हणाली, "म्हनले, येडं हाय पोरगं. माज्या मनात काय न्हाई म्हनावं. जिवाला जप."

तिकडून गोरख हसला. कित्येक महिन्यांनी त्याचं हसू तिच्या कानावर पडलं होतं.

दिवाळीनंतर त्याला सुट्टी मिळाली. ठरलं असं होतं, की आनंदरावांनी भोरच्या स्टँडवर जाऊन त्याला गाठायचं आणि तिथंच सगळं सांगायचं. पण गोरखला कापूरहोळच्या फाट्यावर ओळखीचा टेम्पो मिळाला आणि तो सांगितल्या वेळेआधीच दारात उतरला. अंगणातूनच त्यानं हाक मारली, "आप्पा! ओ आप्पा!" बापासाठी आणलेली लोकरीची टोपी त्यानं पिशवीतून काढून हातात घेतली होती.

फुलाबाई दारात आल्या. त्यांचं कपाळ मोकळं होतं.

गोरख रडला नाही. ओसरीच्या पायरीवर बसला आणि विचारलं, "कवा?"

"पेरा उगवून आला तवा," फुलाबाई म्हणाल्या.

तो मनाशी हिशोब करत राहिला. मग त्यानं मंगलकडं पाहिलं. "मग मी निरोप दिला तवा...?"

"तवा आप्पा नव्हते."

"अन् ते काय म्हनले म्हनून सांगितलंस ते?"

"म्या बोलले." मंगलनं पाण्याचा तांब्या त्याच्यापुढं ठेवला. "आप्पा असते तर तसंच म्हनले असते."

"म्हनले असते," गोरख म्हणाला. तेवढंच.

दुसऱ्या दिवशी त्यानं नदीवर जाऊन डोकं आणि मिशी उतरवली. आनंदरावांना तो काही बोलला नाही. मंगललाही एका शब्दानं दुखावलं नाही. फक्त सुट्टीच्या शेवटी एकदा म्हणाला, "तू मला कळवलं असतंस तर मी तिथं बसून रडलो असतो. बापासाठीच रडलो असतो. आता कवाचं रडू?"

मंगल त्याची बॅग भरत राहिली.

दोन वर्षांनी तो पेन्शनवर आला. हल्ली शिरवळकडं एका कारखान्यात सिक्युरिटीला आहे, आठवड्याला घरी येतो. दोघांचं भांडण नाही. मुलगी शेफाली कॉलेजात जाते, तिच्याशी तो हसतो, बोलतो. पण मंगलनं कुणाचा निरोप सांगितला, अमुक असं म्हणाले, तर तो मान वर करून विचारतो, "खरंच म्हनले?" आधी तिला वाटलं, ही सवय जाईल. ती गेली नाही.

गेल्या पावसाळ्यात फुलाबाई मोरीत घसरून पडल्या, खुब्याचं हाड मोडलं. मंगलनं भोरच्या दवाखान्यातून लगेच फोन लावला. "आई पडल्यात. हाड मोडलंय, आपरेशन करावं लागंल. शुद्धीवर हायत, बोलत्यात." काही लपवलं नाही, काही वाढवलं नाही. गोरख म्हणाला, "निघालो."

तो पोचायच्या आधी आनंदराव तिथं आले होते. खाटेजवळ बसता बसता सहज बोलून गेले, "गोरख्याचा मलाबी फोन आलता वाटंतनं. म्हनला, काका, खरं सांगा, आई जित्ती हाय ना?"

फुलाबाईंचा डोळा लागला होता. मंगलनं त्यांच्या पायांवरची चादर सारखी केली, रिकामा डबा उचलला आणि तो धुवायला बाहेरच्या नळावर गेली.