चार्टर्डमधले मटार

किस्से जमवावे लागत नाहीत. फरीदाबादहून दिल्लीला रोज चार्टर्ड बसने नोकरीला जा, घरी येईपर्यंत एखादा पदरात पडलेलाच असतो. मी ते लिहून ठेवते. नाहीतर थकव्यात सगळे दिवस सारखेच वाटतात.

बसमध्ये माझ्या शेजारी सुनंदा मोघे, पुढच्या सीटवर मिसेस सेठी. थंडीत संध्याकाळी परतताना आम्ही तिघी मटार सोलायचो. सेठी शेंगा फोडत म्हणायची, "ऑफिस में काम, घर में काम. आराम तो बस यहीं है, यार."

*

सुनंदा घरून साडीत निघायची आणि ऑफिसात पोचल्यावर सलवार-कमीज घालायची. सासूबाईंना कळू नये म्हणून ड्रेस कायम पिशवीतच. वर्षभर हे चाललं. मग एकदा सासूबाई पोळ्या लाटता लाटता म्हणाल्या, "तो निळा ड्रेस धुवायला टाक गं. पिशवीला वास येतोय."

*

संक्रांतीचं हळदीकुंकू घरी करायला कुणालाच वेळ नव्हता, म्हणून सकाळी बसमध्येच उरकलं. वाण म्हणून साबणाच्या डब्या. ऐन कुंकू लावताना ब्रेक लागला आणि सुनंदाच्या भुवईपर्यंत लाल ओघळ गेला. तो तसाच राहिला. ऑफिसात साहेबांनी विचारलं, "चोट कैसे लगी?"

ती म्हणाली, "त्योहार में."

*

त्याच आठवड्यात तिचं प्रमोशन आलं, भोपाळच्या बदलीसकट. याआधी तिने ते दोनदा लेखी नाकारलं होतं. एकदा मुलीची दहावी, एकदा सासूबाईंचं ऑपरेशन. यंदा नाकारलं असतं तर तिनेच काम शिकवलेला मुलगा तिचा साहेब झाला असता.

तिचे यजमान, मोघे, स्कूटरने ऑफिसला जायचे. आमची फारशी ओळख नव्हती. ते काय म्हणतात, असं आम्ही विचारलं.

"म्हणाले, तुला योग्य वाटेल ते कर."

"ये हाँ है या ना?" सेठीने विचारलं.

सुनंदा शेंग सोलत राहिली. "आजवर तरी 'नको' असाच अर्थ असायचा."

*

शेवटी ती गेली. स्टेशनवर निळ्या ड्रेसमध्ये होती. त्याला कडक इस्त्री होती. सासूबाईंनी केलेली, म्हणाली.

सोमवारी संध्याकाळी बस सुटता सुटता मोघे चढले. मला विचारून सुनंदाच्या जागेवर बसले, मांडीवर वर्तमानपत्र पसरलं आणि पिशवीतून मटार काढले. सेठी मागे वळून बघतच राहिली.

स्कूटर बिघडली का, मी विचारलं.

मोघ्यांनी शेंग उलट्या बाजूने फोडली. दाणे सीटखाली घरंगळले.

"नाही वहिनी," ते म्हणाले, "स्कूटरवर सोलता येत नाहीत."