बोटीवरचा पहिला घास

डिझेल आणि तळलेल्या मासळीचा वास एकत्र आला की मी अजून ताटावरून उठतो. दुबईत बांधकामाच्या साईटवर होतो तेव्हाची गोष्ट. माझा सख्खा पुतण्या, ज्याला मीच तिकडे नेला, एका संध्याकाळी त्याच्या ऑफिसवाल्यांबरोबर मलाही खाडीतल्या जेवणाच्या बोटीवर घेऊन गेला. दोन्ही काठांवर दिवे लागले होते, गाईड भोंग्यावरून इमारती दाखवत होता. ताटात सुरमई आली ती शिळी, वास मारू नये म्हणून वर मसाला थापलेला. तरी आमच्या घरच्या रीतीप्रमाणे भाताचा पहिला घास मी टेबलावर बाजूला काढला, गेलेल्या माणसांसाठी. वेटरने तो खरकट्याच्या ओल्या फडक्याने पुसून नेला. समोरची ऑफिसातली मॅडम माझ्याकडे बघून हसत त्याला म्हणाली, "ये कौन हैं?" पुतण्या म्हणाला, "कोई नहीं, हमारे गांव के हैं." मी ताट सरकवलं आणि बोट फिरून येईपर्यंत इंजिनापाशी धूर खात बसलो. धक्क्यावर सगळे पांगल्यावर तो जवळ आला, "काका, उपाशीच राहिलात की." म्हटलं, "काका कोणाचा? मी गावचा माणूस." आता सणासुदीला तो फोनवर काका, काका करतो, आणि मला घरात बसल्याजागी डिझेलचा वास येतो.