मूक कार्टून्स आणि आमच्या सासऱ्यांचा आवाज

मंडळी, चिडून लिहितेय, सांभाळून घ्या.

आज दुपारी सेरंगूनला आमच्या काँडोच्या फंक्शन रूममध्ये आपल्या ग्रुपच्या मुलांना शंभर वर्षांपूर्वीची मूक कार्टून्स दाखवली. तेव्हा पेपरात येणाऱ्या चित्रपट्ट्यांवरूनच ती काढलेली. पात्र बोलायला लागलं की पट्टीतल्यासारखाच तोंडातून फुगा निघतो, त्यात वाक्य उमटतं आणि लोकांचं वाचून होईपर्यंत चित्र थांबतं. तीन आठवडे खपून शोधली होती मी.

आणि आमचे सासरे! तीस वर्षं जहाजाच्या इंजिन रूममध्ये काढलेला माणूस, हळू बोलणं ठाऊकच नाही. सासूबाईंना इंग्रजी वाचता येत नाही, म्हणून प्रत्येक फुगा मराठीत ओरडून सांगत होते. "अगं, तो विचारतोय, माझी टोपी कुठाय!"

चौथ्या फुग्याला माझा तोल गेला. "बाबा, मूकपट आहे हो हा! जरा गप्प बसा ना!"

बसले गप्प. पुढच्या फुग्याला मुलं खदखदून हसली. सासूबाईंनी बाबांकडे पाहिलं, ते पडद्याकडेच बघत राहिले. मग त्याही उगाच हसल्या.

वर माझीच लेक तिच्या सिंगापुरी इंग्रजीत म्हणते, "आई, आजोबा वॉज फनियर लाह!"

घरी आल्यापासून बाबा एक अक्षर बोललेले नाहीत. चहासुद्धा खुणेनं मागितला. एक मूकपट संपवून आले, तर घरात दुसरा सुरू.

याचा आवाज कसा चालू करतात, कुणाला माहीत आहे का?