अमेरिकेच्या फॉर्मातला लाल प्रश्न

अजून हे सांगताना मला धाप लागते, म्हणून आधी साधं साधं सांगून टाकते. मी कतारला, दोह्यात राहते, फरीज बिन ओमरान भागात, मुलाच्या घरी. मुलगा गॅस कंपनीत इंजिनिअर. नात नववीत. आणि मुलगी अमेरिकेत. तिने मला तिकडे कायमचं बोलावण्यासाठी अर्ज केलेला, त्याला दीड वर्ष होऊन गेलं होतं. मी तर आशाच सोडली होती. आणि मग एकाच आठवड्यात दोन बातम्या आल्या. चाळिशी उलटल्यावर मुलीला पहिल्यांदा दिवस गेले, आणि मला अमेरिकेच्या कचेरीतून मुलाखतीचं बोलावणं आलं. त्या आठवड्यात माझ्या हातून तीनदा दूध उतू गेलं, पण मला कुणी एक शब्द बोललं नाही.

आमच्या घरातले सगळे फॉर्म मुलगा भरतो. बँकेचा असो, गाडीचा असो, माझ्या चष्म्याचा असो. त्याची एक पद्धत आहे. नाव, पत्ता, जन्म अगदी जपून लिहायचं, आणि पुढे हो-नाहीचे प्रश्न आले की वरून खाली सरळ 'नो, नो, नो' करत जायचं, वर पंखा बघत. इतकी वर्षं त्याचं कुठे अडलं नव्हतं.

मुलाखतीला दहा दिवस राहिले तेव्हा कागद लावायला आम्ही जेवणाच्या टेबलाशी बसलो. नात मला गंमत म्हणून फॉर्मातले प्रश्न मराठीत करून सांगत होती.

"आजी, तू कधी कुणाला किडनॅप केलंयस?"

"तुझ्या बाबाला. शाळेला दांडी मारायचा, तेव्हा कानाला धरून."

"तू स्पाय आहेस?"

"शेजारणीच्या स्वयंपाकघरापुरती."

आम्ही दोघी हसून लोळत होतो. मग ती म्हणाली, "आजी, तू कधी कम्युनिस्ट पार्टीची मेंबर होतीस?"

माझं हसू तिथल्या तिथे थांबलं. "तुझ्या बाबाने काय लिहिलंय?"

"नो."

"चुकलंय मग," मी म्हणाले.

मुलगा तेव्हा चहा ओतून घेत होता. त्याने कप खाली ठेवला, माझ्याकडे बघितलं, आणि पहिलं काम काय केलं असेल? उठून टीव्हीचा आवाज वाढवला. आपल्याच घरात, चौथ्या मजल्यावर!

आता हे सांगायलाच हवं. मी सोलापूरची. चौथीतून शाळा सुटली आणि आईबरोबर बिडीला बसले. मांडीवर सूप, सुपात तंबाखू, भिजवलेलं पान पत्र्याचा फर्मा, म्हणजे माप, ठेवून कात्रीने कापायचं, भरायचं, वळायचं, दोरा बांधायचा, तोंड मुडपायचं. संध्याकाळी जुड्या घेऊन चेकरपुढे उभं राहायचं. चेकर बिडी बोटात दाबून बघायचा आणि आवडली नाही की 'छाट' म्हणून बाजूला टाकायचा. टाकलेली बिडी मालकाकडेच राहायची बरं का, आम्हाला परत नाही! त्यावरून लाल बावट्याच्या युनियनने मोर्चा काढला, आणि मी अठरा वर्षांची पोर सगळ्यात पुढे. माझा आवाज असा होता की मागच्या बायका म्हणायच्या, "ए, हिला मधे घ्या गं, कान गेले."

युनियनच्या खोलीत संध्याकाळी एक ताई वर्ग घ्यायच्या. शाळेतली मोडकीतोडकी अक्षरं मी विसरून गेले होते. ताईंनी बोट धरून परत शिकवली. पत्रकं वाचता वाचता मी वर्तमानपत्र वाचायला लागले, आणि ज्या दिवशी भिंतीवरची घोषणा मी न अडखळता वाचली त्या दिवशी मी घरापर्यंत पळत गेले होते. आधी वर्षभर उमेदवार सभासद, मग पक्षाची पुरी सभासद. कार्ड मिळालं. माझं नाव छापील रेघेवर शाईने लिहिलेलं मी पहिल्यांदा त्या कार्डावर पाहिलं.

दोन वर्षांनी मला बघायला आले. मुलगा एस.टी.च्या वर्कशॉपमध्ये, चांगला. पण त्याचे वडील कोण? दुसऱ्या कारखान्यातले चेकर! माझ्या भावाने दारामागे घेऊन बजावलं, "बिडी वळते म्हण, पण बावट्याचं तोंडातून काढलंस तर बघ." मी पोह्यांची बशी ठेवली, पाटावर बसले. सासऱ्यांनी चालून दाखव म्हटलं, वाचून दाखव म्हटलं. मी वाचलं. ते चमकले. "चौथीच्या मानाने फारच सफाईदार वाचते की. कुणी शिकवलं?"

"मी," भाऊ म्हणाला.

"आणि मोर्च्याबिर्च्यात जात नाही ना?"

मी मान हलवली. नाही.

झालं, लग्न ठरलं. कार्ड आईने चुलीत घातलं. नवरा देवमाणूस मिळाला, त्याच्याबद्दल एक शब्द नाही माझा. पण तो जाईपर्यंत त्यालाही मी कधी सांगितलं नाही. आधी सासऱ्यांची भीती, मग सवय. आणि माझा भाऊ पन्नास वर्षं प्रत्येक लग्नात, प्रत्येक बारशाला सांगत फिरला, "आमच्या बहिणीला मी शिकवलं हो, कंदिलावर बसून." मी शेजारी बसून हसायची. आतून मात्र जळायची!

हे सगळं त्या टेबलाशी एका दमात सांगितलं. नातीचे डोळे केवढे झाले होते!

"आजी! वी आर डूइंग धिस इन हिस्टरी!" तिच्या शाळेत अमेरिकेचा इतिहास शिकवतात. ती अर्धं इंग्रजी, अर्धं मराठी असं भराभर सांगायला लागली. तिकडे म्हणे एक काळ असा होता की कम्युनिस्टांच्या भीतीने सगळा देश शहारला होता. मास्तर, सिनेमा लिहिणारे, सरकारी कारकून, साध्या साध्या माणसांना कमिटीपुढे बसवायचे. तुम्ही सभासद होता का? आणि हो म्हटलं की लगेच दुसरा प्रश्न, आणखी कोण कोण होतं, नावं सांगा. नावं दिली की सुटका. नाही दिली की नोकरी गेली, कुणाला तुरुंगही. मग कुणी कामाला ठेवून घ्यायचं नाही. जुने मित्र रस्ता ओलांडून पलीकडे जायचे.

"अगं, पण एवढा मोठा देश," मी म्हटलं, "त्यांना कसली भीती मास्तरांची?"

"दॅट्स द होल पॉइंट, आजी."

मला त्या लोकांचं फार वाटलं. आणि नवलही वाटलं. घर दहादा रंगवलं तरी भिंतीत एक जुना खिळा राहून जातो, तसा तो प्रश्न अजून त्या फॉर्मात राहिला होता. आणि एवढ्या वर्षांनी तो कुणाला विचारला, तर मला! सोलापूरच्या बिडीवालीला! खोटं कशाला बोलू, मला अंगात वारं भरल्यासारखं झालं.

मुलाचा चेहरा मात्र उतरला होता. "आई, ते कार्ड जळालं. कुणाला कळणार नाही. एक 'नो' आहे, राहू दे."

"आणि शपथ घ्यायला लावतील त्याचं काय?"

"आणि व्हिसा नाही दिला तर? तायडी तिकडे एकटी आहे, तिचं बाळंतपण कोण करणार?"

तिथे मात्र मी कागद गोळा करून ठेवले. त्याचं खोटं नव्हतं. जावई महिन्यातले वीस दिवस कामाला परगावी. मुलीने सात वर्षं वाट बघितली होती या मुलासाठी. होय म्हटलं आणि दार बंद झालं, तर तिच्याजवळ मी नसणार. नाही म्हटलं, तर परत एकदा पाटावर बसून मान हलवल्यासारखं. चार दिवस मला अन्न गोड लागेना. शेवटी मुलीलाच फोन लावला आणि सगळं सांगितलं.

तिने सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाली, "म्हणजे मामाने नाही शिकवलं तुला?"

"नाही."

"मला आधीपासून शंका होती! मामाला स्वतःला धड सही येत नाही." आणि अशी हसली, अशी हसली की मीच म्हटलं, अगं जपून, पोटात बाळ आहे. मग म्हणाली, "आई, खरं सांग त्यांना. नाही आलीस तर मी बघेन काय करायचं ते. पण खोटं बोलून आलीस तर रोज दारावरची बेल वाजली की दचकशील तू. मी ओळखते तुला."

पुढचे सहा दिवस आमच्या घरात रोज मुलाखत. शाळेतून आली की नात खुर्चीवर बसायची, मी समोर स्टुलावर.

"मॅडम, हू वॉज युअर लीडर? नाव सांगा."

"नाव सांगणार नाही."

"व्हेरी गुड, आजी!"

मुलगा कोपऱ्यात बसून डोकं धरायचा. "यल्ला, चला, संपवा आता. आणि लिफ्टमध्ये यातलं एक अक्षर नको, खालच्या मजल्यावरचे आमच्या ऑफिसातले आहेत." मी म्हटलं, "अरे, अमेरिकेची भीती इथे लिफ्टमध्ये पण चढली की!" तेव्हा कुठे जरा हसला.

मुलाखतीच्या सकाळी ठेवणीतली इरकल नेसले. वयामुळे मुलाला बरोबर येऊ दिलं. आत नंबर पुकारतात, आपण काचेपुढे उभं राहायचं. पलीकडे एक तरुण अधिकारी, नाकावर ठिपके, माझा नातू शोभेल इतका कोवळा. त्याच्या बाजूला हिंदी सांगणारी एक बाई. बाई म्हणाल्या, उजवा हात वर करा, शपथ घ्यायची आहे.

आणि इथे ते झालं. मी हात वर केला आणि मूठ आपोआप वळली! पन्नास वर्षं तो हात तसा वर गेला नव्हता, पण त्याला दुसरं काही येतच नव्हतं. अधिकारी बघतोय, बाई बघतायत. मुलगा मागून हळूच म्हणतो, "आई, हात. हात उघड." मी पटकन पाचही बोटं पसरली. मला इतकं हसू येत होतं की पोटात दुखायला लागलं.

शपथ झाली. त्याने विचारलं, फॉर्मात सगळं खरं आहे ना?

"एक सोडून," मी हिंदीत म्हटलं. आणि सांगितलं. बिडी, छाट, मोर्चा, वर्ग, कार्ड. बाई इंग्रजीत करून सांगत होत्या, मी मधे मधे दुरुस्त करत होते. सूप कसं धरायचं तेही हाताने दाखवलं. त्याने ऐकून घेतलं, शांतपणे. किती वर्षं सभासद होतात? तीन, उमेदवारीचं धरून. कुणी जबरदस्ती केली? छे! मग का सोडलं?

"शादी हो गयी," मी म्हटलं, "ससुरजी चेकर थे."

बाईंना हे सांगताना हसू आवरेना. तोही हसला. नावं त्याने विचारलीच नाहीत! सहा दिवसांची माझी तालीम फुकट गेली. तो म्हणाला, हे सगळं स्वतःच्या हाताने लिहून द्या, कुठल्याही भाषेत, सोबत इंग्रजी भाषांतर आणि भाषांतर करणाऱ्याची सही. वाचून मग ठरवू.

लिहून द्या! मला! बाहेर गाडीत बसताच मी मुलाला म्हटलं, वहीच्या दुकानाकडे घे.

अकरा पानं झाली. इतकं लिहिलं की मधलं बोट सुजलं. कुणाचं नाव घातलं नाही. ताईंना 'आमच्या वर्गाच्या ताई' म्हटलं, पण त्यांनी काय शिकवलं ते अक्षरन् अक्षर लिहिलं, आणि भावाने शिकवलं नाही हेही लिहिलं, एका वेगळ्या ओळीत. भाषांतर नातीने करायचं ठरलं. तिला मराठी समजतं, वाचता मात्र अडखळत येतं. मग मी तिच्या शेजारी बसले, तिचं बोट धरून अक्षराखालून फिरवलं. क-ला काना का. म-वर अनुस्वार. तीन संध्याकाळी गेल्या त्यात. शेवटच्या पानावर तिने 'मोर्चा' न थांबता वाचलं आणि आम्ही दोघी ओरडलो.

सही मुलाची. नात अल्पवयीन आहे म्हणून त्याने सगळं ताडून बघून स्वतः सही करायची होती. खाली त्याचं नाव, नोकरी, फोन, सगळं. पेन हातात घेऊन तो बसून राहिला. हे माझं होतं, त्याच्यावर लादायचं कसं? त्याने पहिलं पान परत काढलं, दुसरं काढलं. मग म्हणाला, "आई, बाबांना हे माहीत असतं तर काय म्हणाले असते गं?"

"माहीत नाही रे. विचारायचं राहिलं."

त्याने सही केली. नेहमी करतो तशी आखूड नाही. पुरं नाव लिहिलं, मधे बाबांच्या आधी माझंही नाव घालून, जसं फक्त त्याच्या लग्नपत्रिकेत छापलं होतं. "खलास," म्हणाला आणि चहा टाकायला गेला.

पाच आठवडे काही नाही. मुलीला सातवा लागला. मी कुणाला दाखवलं नाही, पण रोज पाकीट आलं का म्हणून खाली चौकीदाराकडे जायचे, आणि तो बिचारा रोज "इन्शाल्ला कल" म्हणायचा. गेल्या मंगळवारी कचेरीने ठेवून घेतलेला पासपोर्ट आला. आत व्हिसा चिकटवलेला, त्यावर माझा फोटो, तोंड किंचित उघडं, काहीतरी बोलत असल्यासारखं. मी तिथेच चौकीदाराच्या खुर्चीवर बसले आणि त्याला बर्फी आणायला पिटाळलं.

आता बॅगा भरून झाल्यात. डिंकाचे लाडू, बाळंतविडा, आणि त्या अकरा पानांची एक प्रत मुलीसाठी. एक प्रत भावाला सोलापूरला पोस्टाने गेलीय. त्याच्या सुनेने फोन केला होता. म्हणाली, मामंजींना मी सगळं वाचून दाखवलं, तर दोन दिवस बोलले नाहीत, आणि तिसऱ्या दिवशी म्हणाले, तिला बघायला आले त्या दिवशी पोहे चांगले झाले होते.

गुरुवारी विमान. मुलगा काल रात्रीच्या जेवणाला मला तिकडच्या विमानतळाचं समजावत होता. रांग कुठली, कागद कुठले, बोटांचे ठसे घेतील तिथे काय करायचं. मी भात कालवत हो हो म्हणत होते.

"आणि आई," तो म्हणाला, "काही झालं तरी हात उघडा ठेव हं."

"ठेवीन रे बाबा."

टेबलाच्या पलीकडून नातीने माझ्याकडे बघून मूठ वर केली, आणि त्याचं लक्ष जायच्या आत खाली घेतली.